कोणाच्या वाट्याला किती? : अभिजात अर्थशास्त्राची प्रस्तावना

मार्च १८१५. लंडनमध्ये पार्लमेंटभोवती सैनिकांचा पहारा बसवावा लागला होता. आत गव्हाच्या आयातीवर बंधने घालणारे विधेयक चर्चेला होते आणि बाहेर, पाव महागणार म्हणून लोक रस्त्यावर उतरले होते. विधेयक मांडणारे मंत्री फ्रेडरिक रॉबिन्सन यांच्या घरावर जमाव चालून गेला. तरीही विधेयक मंजूर झाले. देशातल्या गव्हाचा भाव क्वार्टरमागे, म्हणजे दोन क्विंटलांहून थोड्या जास्त गव्हामागे, ८० शिलिंगांच्या खाली असेल तोवर परदेशी गहू बाजारात येऊ द्यायचा नाही, असा तो कायदा होता. नेपोलियनशी चाललेल्या युद्धाच्या काळात बाहेरून धान्य येणे अवघड झाले होते आणि १८१२ मध्ये भाव सव्वाशे शिलिंगांच्या वर गेला होता. त्या भावावर जमीनदारांनी कुळांकडून भक्कम खंड घेतला, बरड माळही नांगराखाली आले. युद्ध संपत आले तसे भाव उतरले आणि जमीनदारांना धास्ती पडली. पार्लमेंटमध्ये त्यांचेच बहुमत होते.

हे विधेयक येण्याच्या तोंडावर, फेब्रुवारीतल्या जेमतेम तीन आठवड्यांत, चार लेखकांच्या पुस्तिका छापून बाहेर पडल्या. थॉमस माल्थस, एडवर्ड वेस्ट, रॉबर्ट टॉरेन्स आणि डेव्हिड रिकार्डो. चौघेही जवळजवळ एकाच कल्पनेपाशी पोचले होते : जमिनीचा खंड कशातून निर्माण होतो आणि तो कोणाच्या हिश्श्यातून जातो. कल्पना सारखी असली तरी निष्कर्ष अगदी उलटसुलट होते. माल्थस कायद्याच्या बाजूने, रिकार्डो विरोधात.

अभिजात अर्थशास्त्राची ओळख करून घ्यायची तर या तीन आठवड्यांपासून सुरुवात करावी, कारण त्याचा खरा स्वभाव इथे उघडा पडतो. आज या विचारपरंपरेचे नाव निघाले की ‘मुक्त बाजार’, ‘अदृश्य हात’, ‘सरकारने मध्ये पडू नये’ एवढेच बहुतेकांना आठवते. तेवढ्यावर थांबणे म्हणजे मूळ प्रश्नच सोडून देणे होय. देशात वर्षभरात जे पिकते आणि घडते, ते जमीनवाला, मजूर आणि भांडवलवाला यांच्यात कसे वाटले जाते, आणि त्या वाटणीमुळे पुढच्या वर्षीचे उत्पन्न वाढते की खुंटते, हा तो प्रश्न. स्मिथपासून मिलपर्यंत सगळे त्याच्याभोवती फिरत राहिले. उत्तरांबाबत त्यांचे एकमत कधीच झाले नाही, आणि या परंपरेतले वाचनीय ते सगळे त्या मतभेदांत आहे.

ॲडम स्मिथ हा स्कॉटलंडमधल्या कर्कॉल्डी या बंदरगावचा. ग्लासगो विद्यापीठात तो नीतिशास्त्र शिकवत असे. १७५९ मध्ये त्याने मानवी सहानुभूतीवर ग्रंथ लिहिला, पुढे एका तरुण ड्यूकचा शिक्षक म्हणून १७६४ ते १७६६ या काळात फ्रान्समध्ये राहिला. तिथे त्याची फ्रान्स्वा केने या राजवैद्याशी गाठ पडली. केनेने १७५८ मध्ये एक तक्ता तयार केला होता. शेतीतून निघालेले उत्पन्न शेतकरी, जमीनदार आणि कारागीर या वर्गांमधून कसे फिरते, ते त्यात रेषा काढून दाखवले होते. अर्थव्यवस्था म्हणजे वर्षागणिक पुन्हा पुन्हा चालणारे एक अभिसरण आहे, ही दृष्टी त्या तक्त्यातून आली. खरी भर शेतीच घालते, कारागीर केवळ रूप बदलतो, हे केनेचे म्हणणे मात्र स्मिथला पटले नाही.

त्याच्या आधी युरोपात वेगळाच विचार रुजलेला होता. राष्ट्राची श्रीमंती म्हणजे खजिन्यातले सोनेचांदी, आणि ती वाढवायची तर निर्यात जास्त व आयात कमी हवी. ईस्ट इंडिया कंपनीचा एक संचालक टॉमस मन याचा या विषयावरचा ग्रंथ त्याच्या मृत्यूनंतर १६६४ मध्ये छापला गेला. हिंदुस्थानात चांदी पाठवून कंपनी देशाला कंगाल करते, या आरोपाला त्याचे उत्तर असे, की तिकडून आणलेला माल युरोपात विकून पाठवलेल्या चांदीपेक्षा अधिक चांदी परत येते. दोन्ही पक्षांचे माप एकच होते, चांदी.

९ मार्च १७७६ रोजी प्रसिद्ध झालेल्या स्मिथच्या ‘वेल्थ ऑफ नेशन्स’ने ते मापच बदलले. राष्ट्राची संपत्ती म्हणजे तिथल्या माणसांच्या श्रमातून वर्षभरात निर्माण होणाऱ्या उपयोगी वस्तू. तिजोरीतली नाणी त्या वस्तू फिरवण्याचे साधन. एकदा हे मान्य केले की पुढचा प्रश्न आपोआप येतो : श्रमाची ही उत्पादकता वाढते कशाने?

स्मिथ त्याचे उत्तर टाचण्यांच्या एका छोट्या कारखान्यातून देतो. तिथे दहा माणसे कामाला होती. एक जण तार ओढतो, दुसरा ती सरळ करतो, तिसरा तुकडे पाडतो, चौथा टोक काढतो, पाचवा डोके बसवण्यासाठी दुसरे टोक घासतो. नुसते डोके घडवायला दोन-तीन वेगवेगळी कामे. मग टाचण्या पांढऱ्या करणे, शेवटी कागदात टोचून ठेवणे. अशी सुमारे १८ कामे दहा जणांत वाटलेली. ही दहा माणसे दिवसाला ४८,००० टाचण्या काढत, म्हणजे माणशी ४,८००. एकेकट्याने, शिकल्याशिवाय, बसून केल्या असत्या तर दिवसाला २० सुद्धा झाल्या नसत्या, कदाचित एकही नाही. हात सवयीने चपळ होतो, एका कामावरून दुसऱ्याकडे जाण्यातला वेळ वाचतो आणि एकच काम करणाऱ्याला त्यासाठी यंत्र सुचते, अशी तीन कारणे स्मिथ देतो.

हा उतारा शाळकरी पुस्तकांत गेला. त्याच्या दोन प्रकरणे पुढचा भाग मागे राहिला, तो तितकाच मोलाचा आहे. कामाची विभागणी कुठवर करता येईल हे बाजारपेठ किती मोठी आहे त्यावर ठरते, आणि बाजारपेठ किती मोठी हे वाहतुकीवर. स्मिथचा हिशेब असा : आठ घोडे आणि दोन माणसे असलेली गाडी लंडनहून एडिंबरोला जाऊन-येऊन सहा आठवड्यांत सुमारे चार टन माल नेते-आणते. तेवढ्याच वेळात सहा-आठ खलाशांचे एक जहाज २०० टन. म्हणून सुधारणा आधी समुद्रकाठी आणि नदीकाठी होतात, आत डोंगराळ मुलखात उशिरा. स्मिथचा बाजार हा असा रस्ते, कालवे आणि बंदरे यांवर उभा असतो. असे रस्ते, पूल, कालवे बांधणे हे सरकारचे कर्तव्य आहे असे त्याने पाचव्या भागात स्पष्ट लिहिले आहे.

त्याच पाचव्या भागात टाचण्यांच्या कारखान्याची दुसरी बाजूही येते. आयुष्यभर दोन-चार साध्या हालचालीच करणाऱ्या माणसाची बुद्धी मंद होत जाते, त्याला विचार करण्याचे प्रसंगच येत नाहीत. यावर उपाय म्हणून गरिबांच्या मुलांना वाचन, लेखन, हिशेब शिकवण्याची सोय समाजाने करावी, असे तो सांगतो. ज्याच्या नावाने आज सरकारी शिक्षणावरचा खर्च कमी करण्याच्या सूचना केल्या जातात, त्याच्याच ग्रंथात हे आहे. ‘अदृश्य हात’ या भल्यामोठ्या ग्रंथात केवळ एकदा येतो. व्यापारी एकत्र जमले की भाव वाढवण्याचे बेत शिजतात, हा इशारा मात्र अनेक रूपांनी परत परत भेटतो. ईस्ट इंडिया कंपनीवर तर तो तुटून पडतो. व्यापारी मंडळी राज्यकर्ती झाली की प्रजेचे हित आणि त्यांचे हित यांची फारकत होते, हे त्याने बंगालच्या उदाहरणाने दाखवले. १७७० च्या दुष्काळाविषयी तो म्हणतो, की तांदळाच्या व्यापारावर कंपनीच्या नोकरांनी घातलेल्या अविचारी बंधनांमुळे टंचाईचे रूपांतर भीषण दुष्काळात झाले असावे.

वस्तूची किंमत कशाने ठरते, यावर स्मिथ अडखळतो, आणि ते अडखळणे पुढच्या शंभर वर्षांच्या वादाचे मूळ ठरले. पाण्यावाचून जगता येत नाही, पण ते फुकट. हिऱ्यावाचून काही अडत नाही, पण त्याला केवढी किंमत. म्हणजे उपयोग हा किमतीचा आधार नव्हे, मग श्रम असावा. शिकारी समाजात बीव्हर मारायला हरणाच्या दुप्पट वेळ लागत असेल तर एका बीव्हरला दोन हरणे, हे सरळ आहे. पण जमिनीवर मालकी आली, भांडवल जमले, की किमतीतून मजुरी, नफा आणि खंड असे तीन वाटे निघू लागतात. मग किंमत श्रमावर ठरते, की या तिन्हींची बेरीज होऊन? स्मिथने दोन्ही लिहून ठेवले. बाजारभाव रोज वरखाली होतो, पण तो एका ‘नैसर्गिक’ किमतीकडे ओढला जातो, हा त्याचा विचार मात्र सगळ्यांनी स्वीकारला. एखाद्या धंद्यात नफा जास्त दिसला की भांडवल तिकडे धावते, माल वाढतो, भाव उतरतो. स्पर्धेविषयीचा हा विश्वास या परंपरेचा कणा आहे.

१७९८ मध्ये माल्थसचा लोकसंख्येवरचा निबंध लेखकाच्या नावाविना प्रसिद्ध झाला. अटकाव नसेल तर लोकसंख्या दर पंचवीस वर्षांनी दुप्पट होते, १, २, ४, ८, १६. अन्न मात्र १, २, ३, ४, ५ या चालीने वाढते. पंचवीस वर्षांचा आकडा उत्तर अमेरिकेतल्या वसाहतींवरून घेतलेला होता. उरलेली तफावत रोगराई, उपासमार आणि दुराचार भरून काढतात. १८०३ च्या आवृत्तीत त्याने उशिरा लग्न आणि संयम या मार्गाची भर घातली, तेव्हा निबंधाचा कठोरपणा थोडा कमी झाला. इतिहासाने त्याचा अंदाज खोटा ठरवला. इंग्लंड-वेल्सची लोकसंख्या १८०१ च्या पहिल्या जनगणनेपासून १८५१ पर्यंत दुपटीवर गेली, तरी देश उपाशी मेला नाही. पण मजुरी फार काळ पोटापुरतीच्या वर राहू शकत नाही, ही समजूत त्याच्यामुळे घट्ट झाली, आणि गरिबांना मदत केली की गरीब वाढतात, या क्रूर निष्कर्षाला शास्त्राचा आधार मिळाला. रिकार्डो इथे जरा जपून आहे. मजुराची ‘नैसर्गिक’ मजुरी त्या देशाच्या चालीरीतींवर ठरते, एके काळी चैन मानलेल्या वस्तू पुढे गरज होतात, असे त्याने लिहिले. ही एक ओळ विसरल्यामुळे त्याच्यावर बराच अन्याय झाला आहे.

डेव्हिड रिकार्डो हा लंडनच्या शेअर बाजारातला माणूस. आईबाप ॲम्स्टरडॅमशी नाते असलेल्या ज्यू घराण्यातले. चौदाव्या वर्षी तो वडिलांच्या दलालीच्या धंद्यात शिरला, एकविसाव्या वर्षी क्वेकर पंथातल्या मुलीशी लग्न केले म्हणून घर तुटले, आणि त्यानंतर त्याने स्वतःच्या बळावर मोठी संपत्ती मिळवली. १७९९ मध्ये बाथ या गावी मुक्कामाला असताना त्याच्या हाती स्मिथचा ग्रंथ पडला. महाविद्यालयाचे तोंडही त्याने पाहिले नव्हते. लिहिण्याचा आत्मविश्वास कमी. जेम्स मिल हा मित्र मागे लागला म्हणून १८१७ मध्ये त्याचा मुख्य ग्रंथ तयार झाला.

त्याचा खंडाचा सिद्धांत त्याच्याच आकड्यांत पाहावा. सारखेच श्रम आणि भांडवल घातले असता पहिल्या प्रतीच्या जमिनीत १०० क्वार्टर गहू निघतो, दुसऱ्या प्रतीच्या जमिनीत ९०, तिसऱ्या प्रतीच्या ८०. लोकवस्ती थोडी असेल आणि पहिल्या प्रतीची जमीन हवी तेवढी मोकळी असेल, तर खंड कोण देईल? कोणीच नाही. तोंडे वाढली, दुसऱ्या प्रतीची जमीन नांगरावी लागली, की पहिलीवर १० क्वार्टर खंड उभा राहतो. कारण कुळाला ९० वर काम करणे आणि १०० पिकवून १० देणे सारखेच. तिसरी जमीन आली की दुसरीवर १० आणि पहिलीवर २०. जमीनवाल्याने यासाठी काहीही केलेले नाही. खंड द्यावा लागतो म्हणून धान्य महाग होत नाही. धान्य महागते म्हणून खंड द्यावा लागतो.

आता यात भांडवलवाल्याचे काय होते ते पाहू. शेवटच्या, सर्वांत हलक्या जमिनीवर खंड नाही, तिथे मजुरी आणि नफा एवढेच दोन वाटे. माणसाला जगायला लागणारे धान्य कमी होत नाही, पण हलक्या जमिनीत ते काढायला श्रम जास्त पडतात. म्हणून मजुरीचा खर्च चढतो आणि नफा घसरतो. स्पर्धेमुळे हीच घसरण सगळ्या धंद्यांत पसरते. नफा पुरेसा उरला नाही की भांडवल साठवण्याची इच्छा संपते, वाढ थांबते. जमीनदार तेवढा सतत श्रीमंत होत राहतो. परदेशी गहू अडवणारा कायदा देशाला हलक्या जमिनीकडे ढकलतो, म्हणजे ही गती वाढवतो. या साखळीत कुठेही राग नाही, आवेश नाही, तरी जमीनदारवर्गाविरुद्ध यापेक्षा जोरकस आरोपपत्र त्या काळात कोणी लिहिले नाही. आणि ते लिहिणारा स्वतः ग्लॉस्टरशायरमधल्या गॅटकम पार्कचा मालक होता. जमिनीच्या बाजूने बोलणाऱ्या माल्थसला खंडाचे उत्पन्न नव्हते, ही गोष्ट माल्थसने स्वतःच नोंदवून ठेवली आहे. दोघांची मैत्री रिकार्डोच्या मृत्यूपर्यंत, १८२३ पर्यंत, अखंड राहिली. त्यांचा पत्रव्यवहार हा विरोधकाशी कसे बोलावे याचा उत्तम नमुना आहे. धान्याचा कायदा रद्द व्हायला मात्र १८४६ उजाडले.

रिकार्डोची दुसरी देणगी तुलनात्मक लाभाची. त्याच्या उदाहरणात इंग्लंडला ठराविक कापड तयार करायला १०० माणसांचे वर्षभराचे श्रम लागतात आणि ठराविक मद्याला १२०. पोर्तुगालला कापडासाठी ९० आणि मद्यासाठी ८०. पोर्तुगाल दोन्हींत सरस आहे. तरीही त्याने मद्यच करावे आणि कापड इंग्लंडकडून घ्यावे, कारण ८० माणसांचे मद्य देऊन त्याला ९० माणसांचे कापड मिळते, आणि इंग्लंडला १०० च्या बदल्यात १२० चे मद्य. पहिल्या वाचनात हे पटत नाही, दुसऱ्यांदा आकडे मांडले की पटते. यात एक अट मात्र आहे, आणि ती रिकार्डोने स्वतः सांगितली आहे : भांडवल सहसा देशाची हद्द ओलांडत नाही. ओलांडू लागले तर दोन्ही वस्तू पोर्तुगालमध्येच बनतील. आजच्या व्यापारी वाटाघाटींत हा सिद्धांत सर्रास उद्धृत होतो, अट क्वचित.

फ्रान्समध्ये जाँ-बातिस्त से याने १८०३ मध्ये असे मांडले, की उत्पादन हेच मागणी निर्माण करते. त्यामुळे एखाद्या वस्तूचा साठा तुंबेल, सगळ्या वस्तूंचा एकदम तुंबणार नाही. रिकार्डोने ते मानले. माल्थसने मानले नाही, आणि शतकाहून अधिक काळानंतर केन्सने त्या बाबतीत माल्थसची बाजू उचलून धरली. रिकार्डो आपली भूमिका बदलायला घाबरत नसे, हेही सांगायला हवे. १८२१ च्या तिसऱ्या आवृत्तीत त्याने यंत्रांवर नवे प्रकरण घातले : यंत्रांमुळे मजुरांचे नुकसान होते ही मजुरांची भावना चुकीची नाही, असे त्यात त्याने मान्य केले. त्याचे अनुयायी त्यामुळे चक्रावले.

या विचारांचा मराठी मुलखाशी संबंध पुस्तकातून आला नाही. तो सरकारी मोजणीच्या साखळीबरोबर आला. कंपनीच्या भावी अधिकाऱ्यांसाठी इंग्लंडात हेलीबरी येथे कॉलेज होते, तिथे १८०५ पासून माल्थस राजकीय अर्थशास्त्र शिकवत होता. लंडनच्या इंडिया हाउसमध्ये १८१९ पासून जेम्स मिल बसला होता. हिंदुस्थानच्या जमीनमहसुलाचे खलिते त्याच्या हातून जात. त्याचे म्हणणे असे : खंड कोणाच्याही श्रमाचे फळ नाही. तो कराच्या रूपाने घेतला तर मजुरीला धक्का लागत नाही, नफ्याला लागत नाही. इंग्लंडात तो जमीनदारांच्या खिशात गेला. हिंदुस्थानात मध्ये जमीनदार उभा करू नये, सरकारने तो थेट रयतेकडून घ्यावा. कागदावर याहून न्याय्य कर सुचणे कठीण.

पेशवाई १८१८ मध्ये बुडाली होती. दहाएक वर्षांनी माल्थसचा विद्यार्थी रॉबर्ट कीथ प्रिंगल याने पुणे भागात हा कर प्रत्यक्ष बसवायला घेतला. शेते मोजायची, मातीच्या प्रती लावायच्या, प्रत्येक प्रतीत सरासरी किती पिकते ते काढायचे. त्यातून बियाणे, बैल, अवजारे, मजुरी असा सगळा खर्च वजा घालायचा. उरले ते निव्वळ उत्पन्न, त्यातले ५५ टक्के सरकारचे. रिकार्डोच्या पुस्तकातला ‘खंड’ पुण्याच्या कचेरीत असा आकड्यांत उतरला.

तो टिकला नाही. मोजणीत चुका राहिल्या, हाताखालच्या लोकांनी लाच घेऊन प्रती बदलल्या, पिकाचे आकडे विश्वासाजोगे नव्हते. शिवाय धान्याचे भाव उतरले आणि ठरलेला सारा जड झाला. इंदापूरसारख्या कोरडवाहू तालुक्यांत जमिनी पड पडल्या, माणसे गाव सोडून निजामाच्या हद्दीत गेली. १८३५-३६ मध्ये गोल्डस्मिड आणि विंगेट या दोन अधिकाऱ्यांनी इंदापुरातच नव्याने सुरुवात केली. निव्वळ उत्पन्न मोजण्याचा नाद त्यांनी सोडून दिला. मातीचा थर किती हात खोल आहे, तिच्यात चुनखडी किंवा वाळू किती, उतार किती, पाणी धुऊन नेते का, हे बघून जमिनीला आण्यांत प्रत दिली. उत्तम ती सोळा आणे, तिथून खाली. एकूण सारा किती, हे मात्र मागची वसुली, पाऊसमान आणि बाजाराचे अंतर पाहून ठरवले आणि तो तीस वर्षांसाठी कायम केला. मुंबई इलाख्याची सर्व्हे पद्धत ती हीच. तीस वर्षे सरल्यावर, १८६० च्या दशकाच्या अखेरीस फेरआकारणीत सारा चढला. त्याच सुमारास अमेरिकेतल्या यादवी युद्धामुळे आलेली कापसाची तेजी ओसरली होती. १२ मे १८७५ रोजी सुप्याच्या बाजारात सावकारांच्या दप्तरांवर शेतकरी तुटून पडले, त्याच्या अनेक कारणांपैकी हे एक. जोतीराव फुल्यांनी ‘शेतकऱ्याचा असूड’ लिहिला, त्याच्या पाठीशी हाच अनुभव होता.

सिद्धांत खोटा होता म्हणून प्रिंगल फसला, असे म्हणणे उथळ होईल. रिकार्डोचा खंड हा स्पर्धेतून ठरणारा आकडा आहे. भांडवल घेऊन शेती करणारा कुळवाडी, परवडले नाही तर दुसऱ्या धंद्यात जायला मोकळा, हे त्याचे गृहीत होते. पुण्याच्या रयतेला जाण्यासारखा दुसरा धंदाच नव्हता. माल्थसनंतर १८३५ मध्ये हेलीबरीत आलेला रिचर्ड जोन्स हेच आधीपासून सांगत होता. १८३१ च्या ग्रंथात त्याने दाखवले, की जगातल्या बहुतेक शेतकऱ्यांचा खंड रिकार्डोच्या नियमाने ठरत नाही. आशियातल्या रयतेचा तर राज्यकर्त्याच्या मागणीवर ठरतो. जोन्सचे नाव आज फारसे कोणी घेत नाही. महाराष्ट्रातल्या वाचकाने तरी घ्यावे.

धान्यव्यापारात हात घालू नये, हे स्मिथचे मत १८७६-७८ च्या दुष्काळात असेच गृहीतकांशिवाय वापरले गेले. व्हाइसरॉय लिटनच्या सरकारने व्यापारात हस्तक्षेप नाकारला. दुष्काळी कामांवरची मजुरी त्या सरकारचा अधिकारी रिचर्ड टेंपल याने प्रौढ पुरुषाला एक पौंड धान्याची किंमत आणि वर एक आणा इतकी खाली आणली. मुंबई इलाख्यात कामकऱ्यांनी कामे सोडली, पुण्याच्या सार्वजनिक सभेने गावोगावची माहिती गोळा करून सरकारला पाठवली. बंगालच्या दुष्काळात कंपनीला दोष देणाऱ्या स्मिथच्या विचारांनी हे घडावे, याचे दुःख त्याचा ग्रंथ वाचणाऱ्याला झाल्यावाचून राहत नाही.

जॉन स्टुअर्ट मिल हा जेम्सचा मुलगा, सतराव्या वर्षी इंडिया हाउसमध्ये लागला आणि १८५८ पर्यंत तिथे राहिला. १८४८ च्या त्याच्या ग्रंथात ही परंपरा आपल्या शिखरावर आहे आणि तिला तडेही गेलेले दिसतात. उत्पादनाचे नियम निसर्गासारखे अटळ, पण वाटणी ही माणसांनी ठरवलेली व्यवस्था आहे, समाजाला ती बदलता येते, असे त्याने मांडले. वाढ थांबण्याची रिकार्डोला जी भीती होती, तिच्यात मिलला विसावा दिसला. मजुरीसाठी ठराविक निधी असतो, म्हणून संघटना करून मजुरी वाढत नाही, हे मत त्याने १८६९ मध्ये जाहीरपणे मागे घेतले. त्याच्या दोन वर्षे आधी मार्क्सचा ‘कॅपिटल’ आला होता. त्याने रिकार्डोचा श्रममूल्याचा धागा पकडून नफ्याकडेच बोट दाखवले. १८७१ मध्ये जेव्हन्स आणि मेंगर यांनी किमतीचा आधार श्रमावरून उपभोक्त्याच्या शेवटच्या नगाच्या उपयोगावर नेला. पाण्याचे आणि हिऱ्याचे कोडे सुटले. वर्ग, वाटणी, वाढ हे विषय मात्र अर्थशास्त्राच्या मुख्य दालनातून बराच काळ बाहेर गेले.

मराठीत हे विचार लवकर आले. लोकहितवादींचे ‘लक्ष्मीज्ञान’ १८४९ चे. दादाभाई नौरोजींनी भांडवलाविषयीच्या मिलच्या विधानांचाच आधार घेऊन संपत्तीच्या निर्गमाचा मुद्दा उभा केला. न्यायमूर्ती रानडे यांनी १८९२ मध्ये पुण्याच्या डेक्कन कॉलेजात दिलेल्या व्याख्यानात या शास्त्राची गृहीतके एकेक करून समोर ठेवली आणि विचारले, की स्पर्धेपेक्षा रूढी आणि सरकार प्रबळ असलेल्या, श्रम आणि भांडवल सहजी न हलणाऱ्या देशाला ती कितपत लागू पडतात. रानड्यांनी स्मिथ-मिल टाकून दिले नाहीत. ते मुळातून वाचलेले होते, म्हणूनच त्यांना नेमक्या जागा दाखवता आल्या.

मुळातून वाचण्यासाठी सगळे ग्रंथ पालथे घालायची गरज नाही. स्मिथच्या पहिल्या भागातली पहिली तीन प्रकरणे, आणि लगेच पाचव्या भागातला शिक्षणावरचा मजकूर. रिकार्डोचे दुसरे, सातवे आणि एकतिसावे प्रकरण, अनुक्रमे खंड, परदेशी व्यापार आणि यंत्रे यांवरचे. हातात पेन्सिल घेऊन, आकडे मांडत. मिलच्या चौथ्या भागातले स्थिर अवस्थेवरचे सहावे प्रकरण, आणि दुसऱ्या भागात कुळांवर लिहिताना त्याने हिंदुस्थानातल्या रयतेविषयी जे म्हटले आहे तेवढी पाने. त्यानंतर रानड्यांचे ते व्याख्यान वाचले, की हा वाद पुण्यापर्यंत कसा पोचला आणि इथे त्याला काय उत्तर मिळाले, ते सलग दिसते.